पाठमोरे पक्षी

आमच्या अँटिग्वात गुड फ्रायडेच्या मिरवणुकीसाठी रस्त्यावर रंगीत भुशाचा गालिचा घालतात, त्याची नक्षी चौकटींच्या कागदावर अर्धीच काढतात. रस्त्याच्या मधोमध दोरी ताणायची. दोरीच्या उजवीकडे सात घरं, वर तीन, तिथे हिरवा. मग डावीकडेही सातच घरं, वर तीनच, हिरवाच. वीस वर्षं मी उजवी बाजू भरत आकडे सांगायची आणि बासिलिया डावी भरायची. तिच्या लेकीची, निदियाची, मी धर्ममाता. म्हणजे आम्ही कोमाद्रे, सख्ख्या बहिणींहून जवळच्या.

यंदाची नक्षी माझ्या नवऱ्याची, अन्सेल्मोची. जानेवारीत जाण्याआधी अंथरुणात बसून त्याने काढली होती: लांब शेपटीचा केत्साल पक्षी, चोच दोरीकडे. ती पहिल्यांदा आमच्याच दारात उमटावी, एवढंच मला हवं होतं. रस्त्यावर येईपर्यंत नक्षी कुणाला दाखवत नाहीत. मी एकट्या बासिलियाला दाखवली.

सकाळी काम संपत आलं होतं, तेवढ्यात शेजारची डोन्या क्लेमेन्सिया आली. "ओतिलिया, वरच्या गल्लीतही तुझेच पक्षी गं! फक्त एकमेकांवर रुसलेत."

मी धावत गेले. निदियाच्या सासरच्या दारात अन्सेल्मोचे दोन्ही पक्षी, एकमेकांकडे पाठ करून. कागदाची कुठली कड दोरीवर ठेवायची, हे बासिलियाला कधी ठरवावंच लागलं नव्हतं. ते मी करायची. नक्कल करताना तिने बाहेरची कड मधे धरली होती. चोरीलाही अक्कल लागते.

परत आले तर बाई गुडघ्यांवर बसून निवांत शेपटी भरत होती.

"नक्षी कधी उतरवून घेतलीस?"

तिने मान वर केली नाही. "कोमाद्रे, पोरीच्या सासूने नक्षी मागितली. पोरीचा मान राहावा म्हणून..."

"कधी, ते विचारतेय."

"अन्सेल्मोच्या नवव्या दिवसाच्या प्रार्थनेला. तू लोकांना कॉफी देत होतीस."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. त्याच दिवशी मी हिच्या गळ्यात पडून रडले होते!

मी झाडू आणला. "ऊठ."

"अगं, वेड लागलंय का? मिरवणूक कोपऱ्यावर आलीय!"

दोरीच्या डावीकडचं सगळं मी झाडून काढलं. अन्सेल्मोने काढलं होतं तेवढं ठेवलं.

मखर घेऊन खांदेकरी आले. निम्म्यांच्या पायांखाली रंग, निम्म्यांच्या पायांखाली नुसते दगड. गर्दीतून कुणीतरी विचारलं, "ओतिलिया, डावी बाजू कुठेय?"

"ती माझ्या कोमाद्रेची होती," मी म्हटलं, आणि तिच्यासमोरच मला रडू फुटलं.