पांढऱ्या धुक्याची सिगडी

ठण्ण! माझी लोखंडी कडी माझ्याच काठावर आपटली आणि त्या गप्प घराची शांतता फुटली. मित्रांनो, आयुष्यात मी हा एवढाच एक शब्द बोलले. पण वेळेवर बोलले.

आता मी जुनी झाले. भिलाईतल्या पावर हाउस भागाच्या बाजारातून रॉकेलचा स्टोव्ह आला आणि माझं राज्य गेलं. पेरूच्या झाडाखाली उपडी पडलेल्या गंजक्या सिगडीला कोण विचारतो? पण भिलाईचा पोलादाचा कारखाना उभा राहत होता, तेव्हा मीही उभी राहिले. तेजरामने एका फुटक्या बादलीला खालून तोंड पाडलं, आत सळया घातल्या, चिखल-भुशाचा जाड थर दिला, की झाले मी! भंडाऱ्याकडची धानाची शेती भावाच्या हाती सोपवून तो इथे आला होता आणि लोखंड वितळवणाऱ्या मोठ्या भट्टीवर लागला होता. त्याची बायको मथुरा मला लिंपता लिंपता म्हणायची, "माही सिगडी म्हंजे भट्टीची लहान बहीण हाय." मी अभिमानाने तापून जायचे.

दगडी कोळशाची रीत तुम्हाला ठाऊक आहे ना? सिगडी अंगणात पेटवायची, सगळा धूर जाऊ द्यायचा, निखारे लाल झाले की मगच घरात घ्यायची. तोवर वाट पाहायची. आणि वाट पाहणं हे सहा वर्षांच्या जयाला कधीच जमलं नाही. त्यातून त्या वर्षी रशियाचा माणूस आभाळात फिरून आला होता, त्यामुळे कारखान्याच्या वसाहतीतली, आमच्या सेक्टरातली झाडून सारी पोरं चांदण्यांवर राहायला निघाली होती. म्हणून मथुरा माझ्या धुराकडे बोट दाखवून एका दूरच्या जगाची गोष्ट सांगायची.

त्या जगात हवा बदलली की वेळ बदलायची. पिवळा वारा सुटला की सकाळी पाळण्यातलं पोर संध्याकाळी मिशा पिळायचं. निळी झड लागली की कालचा दिवस परत यायचा, फुटलेली बांगडी आपोआप सांधायची. आणि पांढरं धुकं भरलं की वेळ जागच्या जागी थांबायची. उचललेला घास हातात, उडालेली चिमणी हवेत.

"आन मानसं?" जया विचारायची.

"मानसंबी तशीच."

"मंग ड्यूटीवर कोनी जात नाई?"

"धुक्यात कशी जातील वं? कोनीच जात नाई."

मथुरा हसून सांगायची. पण जया हसायची नाही. तिचा बाप रात्री कामाला जायचा आणि दिवसा झोपायचा. तिला बाप म्हणजे चादरीबाहेर आलेले दोन पाय. त्याची झोप मोडू नये म्हणून त्या घरात भांडंसुद्धा दबकत ठेवायचं. नळावर शेजारची राधाबाई चिडवायची, "मथुरे, तुह्या घरी दिवसभर मौनव्रत असते का वं?"

"त्यायची नाइट हाय, बाई."

त्या दिवशी तेजराम डबल ड्यूटी करून दुपारी आला आणि आडवा झाला. रात्री परत जायचंच होतं. थंडीचे दिवस, खिडक्या बंद. मथुराने मला अंगणात पेटवलं, जयाला म्हणाली, "सिगडीजवळ जाऊ नोको," आणि घागर घेऊन नळावर गेली.

पोर माझ्याकडे बघत उभी राहिली. मग तिने ओली गोवरी आणून माझ्या तोंडात खुपसली, तसा पांढरा धूर दाटला. कडीत काठी अडकवली आणि मला ओढत ओढत घरात नेलं, बापाच्या खाटेपाशी. कडी भिंतीला टेकवली. दार लोटून घेतलं. मग खाटेवर चढून तिने बापाचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला. वेळ थांबली, की दोघंही तिथेच राहणार होते.

मित्रांनो, माझी काय तगमग झाली म्हणून सांगू! ज्या हातांनी मला घडवलं, त्यांनाच मी गुदमरवत होते. धूर काही केल्या आवरेना. जयाला खोकला आला, मग डोळे मिटले. तेवढ्यात पोटातले कोळसे खचले, मी कलंडले, आणि भिंतीला टेकलेली कडी निसटली. ठण्ण!

मथुरा अंगणात पाय ठेवत होती. सिगडीची कडी घरात कशी वाजली? घागर टाकून ती धावली. दार ढकललं, पोरीला बाहेर काढलं, पुन्हा आत शिरली.

"अजी, उठा! उठा ना!"

तेजराम तिच्या खांद्यावर धडपडत बाहेर आला, खूप खोकला आणि आधी म्हणाला, "भोंगा झाला काय?"

जया डोळे चोळत रडायला लागली. "माय, त्वा दार कावून उघडलं? सारं धुकं गेलं ना!"

"कोनतं धुकं?" तेजरामने विचारलं. मथुराने पोरीला छातीशी घट्ट धरलं.

मित्रांनो, एक जुनी सिगडी तुमच्या पाया पडून सांगते. धुमसती सिगडी बंद घरात नेऊ नका. आणि घरात कुणाची वाट पाहणारं लेकरू असेल, तर त्याच्याकडेही लक्ष ठेवा.

अंधारून आलं. भट्टीकडचं आभाळ लाल झालं. तेजराम बूट घालू लागला.

"आज नोका जाऊ," मथुरा म्हणाली.

"भट्टीले सुट्टी नसते. भट्टी थंडी पडली त लोखंड आतच गोठते." त्याने जयाच्या डोक्यावर हात ठेवला. "येतो, बाई." आणि तो गेला.

मथुराने मला परत अंगणात ओढून ठेवलं होतं; आता ती विझवायला पाण्याचा लोटा घेऊन आली. चर्रर्र आवाज झाला, वाफ वर गेली. जया वाफेकडे पाहत राहिली, मग त्या लाल आभाळाकडे.

"माय, सिगडी त रोज झोपते. तिची मोठी बहीण कवा झोपते?"