धाकटा सभासद

तिनं दाराच्या चौकटीवर आडवा हात ठेवला आणि हमालाला बजावलं, "थांबा. एकही खोकं आत येणार नाही."

खाली टेंपोत आणखी एकेचाळीस खोकी होती. जिन्यात नवरा आणि ग्रंथसंग्राहक मंडळाचे चिटणीस एकमेकांकडे बघत उभे राहिले.

मंडळाचा नियमच तसा होता. सभासद गेला की त्याची पुस्तकं रद्दीत जाऊ द्यायची नाहीत. सगळ्यांत धाकट्या सभासदाच्या घरी पोचवायची. हा धाकटा म्हणजे तिचा नवरा, वय वर्षं अडुसष्ट. आधी मास्तर गेले, मग वकील. दोघांचीही पुस्तकं इथंच. हॉल भरला, पॅसेजमधून अंग चोरून जावं लागे, आणि आता डॉक्टर गेले. उरली होती मागची खोली. ती तिनं थोरल्या बहिणीसाठी धुऊनपुसून ठेवली होती. मांडीचं हाड मोडलेली ताई सोमवारी हॉस्पिटलातून थेट इथंच येणार होती. तिला दुसरं होतं कोण?

"वहिनी, डॉक्टरांना शब्द दिलाय," चिटणीस म्हणाले.

"शब्द तुम्ही द्यायचा आणि धूळ मी झाडायची. ताईला काय खोक्यांवर झोपवू?"

"थोडेच दिवस..."

"वकीलसाहेबांच्या वेळीही थोडेच दिवस होते. चार वर्षं झाली त्या थोड्या दिवसांना."

 एरवी पुस्तकांचा विषय निघाला की तासभर वाद घालणारा नवरा हमालाजवळच्या खोक्याची सुतळी नखानं खरवडत होता. त्यानं तिचं डोकं आणखीच फिरलं.

"बरं, आणि उद्या हे गेले की? मग कुणाच्या गळ्यात मारणार हे सगळं?"

बोलून गेल्यावर तिनं जीभ चावली. चिटणीसांनी चष्मा काढून पुसला.

"नवीन कुणी येतच नाही, वहिनी. मी एक्याऐंशीचा. बाकीचे दोघं माझ्याहून मोठे. यांच्यानंतर कुणी नाही."

"यांना माहितीय?"

"दर सभेला विचारतात, कुणी आलं का म्हणून."

तिनं नवऱ्याकडे पाहिलं. त्यानं मान वर केली नाही. तिला राग आला, आणि नेमका कुणाचा ते कळेना.

"मी यांच्याहून सहा वर्षांनी लहान आहे," ती वैतागूनच म्हणाली. "घाला माझं नाव. पण मागची खोली ताईची. तिथं एक चोपडंसुद्धा जाणार नाही."

तिनं चौकटीवरचा हात काढला. नवऱ्यानं पहिलं खोकं स्वतः उचललं, झोपायच्या खोलीत नेलं. आपल्या कॉटवरची उशी आणि पांघरूण काढून त्यानं खोकं तिथं ठेवलं.

"मी खाली झोपेन," तो म्हणाला.

ती दारातून त्या कॉटकडे बघत राहिली. त्याच्या उशीच्या जागी गेलेल्या माणसाचं खोकं होतं.

"उचला ते तिथून," ती म्हणाली. "स्वयंपाकघरात ठेवा सगळी."