गावातली दुसरी नर्मदाबाई

लिंबवाडीत नर्मदाबाई दोन होत्या, पण नाव एकीलाच होतं.

एक दिनकरराव देशमुखांची बायको, दुसरी रायभान धनगराची. दोघी एकाच साली लग्न होऊन गावात आल्या. देशमुखीण दोन महिने आधी आली, एवढाच काय तो फरक. धनगरांच्या घरी आलेल्या नव्या सुनेचं नावही नर्मदाच आहे, हे दिनकररावांच्या आईच्या, कस्तुराबाईंच्या कानावर गेलं आणि म्हातारीचं टाळकंच फिरलं. "माझ्या सुनंचं नाव मेंढरामागच्या बाईला? नमी म्हना तिला, लय झालं!"

झालं. म्हातारीचा शब्द म्हणजे हैदराबादचं फर्मान. आत्यानं बारशाला कानात सांगितलेलं नाव एका सकाळी गेलं. सासू नमी म्हणू लागली, दुकानदार नमी म्हणू लागला, गावातली शेंबडी पोरंसुद्धा 'ए नमे' म्हणून हाका मारू लागली. ती तेव्हा तेरा वर्षांची. सांगणार कुणाला? पण आतून तिला फार लागलं. माणसाचं नाव म्हणजे काय कोंबडीचं पिल्लू आहे, की कुणीही उचलून न्यावं?

पुढं रझाकारांचा वखत आला. गावोगाव माणसं जीव मुठीत धरून बसली होती, आणि ही बाई मेंढरं घेऊन वऱ्हाडच्या हद्दीपर्यंत जाऊन येत होती. हद्दीपलीकडं निजामाशी लढणाऱ्या आपल्या लोकांचा कॅम्प होता. तिथून काडतुसं घ्यायची, तट्टावरच्या घोंगडीच्या झोळीत तळाशी घालायची, वर नुकती जन्मलेली कोकरं ठेवायची आणि वालूरच्या नाक्यावरून सरळ चालत यायचं. एकदा नाक्यावरच्या शिपायानं झोळीत हात घातला. कोकराला वाटलं आईच आली, ते त्याचं बोट चोखायला लागलं. शिपाई खदाखदा हसला आणि म्हणाला, जा. नमीनं पुढं कोसभर मागं वळून पाहिलं नाही.

नाक्याच्या अलीकडं मारुतीच्या देवळात आश्रुबा नावाचा माणूस माल उतरून घेई. पहिल्या खेपेला त्यानं वही काढली आणि नाव विचारलं. तिच्या तोंडात 'नमी' आलंच होतं. तिनं ते गिळलं. "नर्मदाबाई, लिंबवाडीची," ती म्हणाली. सासरी आल्यापासून तिनं स्वतःचं नाव स्वतःच्या तोंडानं पहिल्यांदा घेतलं. आश्रुबानं तेवढंच लिहिलं. नवऱ्याचं नाव लिहिलं नाही, वही कुणाच्या हाती पडली तर घर जळायला नको म्हणून. पुढं सातव्या खेपेनंतर त्याला गोळी लागली. तो गेला, वही राहिली.

पोलीस ॲक्शन झाली, निजाम गेला, तीन वर्षं सरली. मग परभणीहून चावडीवर पत्र आलं की लिंबवाडीच्या नर्मदाबाईंनी सात वेळा जिवावर उदार होऊन काडतुसं पोचवली, त्यांचा सत्कार करायला आम्ही येतोय. पत्र वाचून झालं आणि सगळ्या माना देशमुखांच्या घराकडं वळल्या. लोक खोटे नव्हते. गावात नर्मदाबाई एकच, हे त्यांना एकवीस वर्षं पाठच होतं. नमीचं नाव नर्मदा आहे हे तिच्या शेजारणीलाही आठवत नव्हतं.

दिनकररावांना मात्र सगळं मालूम होतं. आपली बायको त्या साली उंबऱ्याबाहेर पडली नाही, उलट आपल्याच ओसरीवर रझाकारांचा जमादार मटण ओरपत होता, हे ते विसरतील कसे? पण इलेक्शन तोंडावर आलं होतं, तिकीट पाहिजे होतं. आयतं घबाड चालून आलं तर नको कोण म्हणतो? गडी गप बसला, आणि वर मिशीला पीळही दिला.

सत्काराच्या दिवशी नमी धुतलेलं लुगडं नेसली. रायभाननं विचारलं, "कुठं जायलीस?"

"सत्काराला. मपल्या सवताच्या."

रायभानचा चेहरा उतरला. "आगं, पाण्यात राहून माशासंगं वैर करायचं का? उन्हाळ्यात मेंढरं कुनाच्या रानात बसवावं? कुनाच्या हिरीवर पाजावं?"

"वऱ्हाडात न्यावं. वाट मला पाठ हाय."

रायभाननं पागोटं बांधलं आणि तिच्या मागं निघाला.

शाळेच्या अंगणात मांडव घातला होता. खुर्च्यांवर पत्र पाठवणारे परभणीचे माणिकराव, दिनकरराव आणि हार घातलेली देशमुखीण. बिचारी मान खाली घालून बसली होती, जणू तिलाच कुणी पकडून आणलं होतं. बन्सीधर गुरुजी मानपत्र वाचायला उभे राहिले. गुरुजींना यादीचा भारी शौक. त्यांनी महिनाभर खपून नर्मदा नावाच्या थोर बायका कुठून कुठून गोळा केल्या होत्या. पोखर्णीच्या वाटेवर वाटसरूंसाठी विहीर खणणारी नर्मदाबाई. पेंढारी आले तेव्हा गावाची वेस आतून लावून तिच्यावर पाठ टेकून उभी राहिलेली नर्मदाबाई. दुष्काळात घरचं ज्वारीचं पेव उघडून सगळ्या गावाला जेवू घालणारी, पाथरीकडची नर्मदाबाई. त्यातल्या खऱ्या किती आणि गुरुजींच्या डोक्यातल्या किती, ते देवालाच ठाऊक. पण वाचताना त्यांचा आवाज असा चढला की म्हाताऱ्यांनी डोळे पुसले.

"आणि याच थोर मालिकेत," गुरुजी म्हणाले, "शोभतात आपल्या मालकीणबाई, सौभाग्यवती नर्मदाबाई!"

टाळ्या पडल्या. नमी बायकांच्या घोळक्यात बसून ऐकत होती. त्या सगळ्या नर्मदाबाया तिला आपल्या वाटल्या, सख्ख्या बहिणींसारख्या, आणि त्यांच्या रांगेत उभं राहायला आपल्यालाच मज्जाव! तिच्या अंगाची लाही झाली. टाळ्या थांबल्या आणि ती उठली.

"गुरुजी, यादीत एक राहिली."

"कोण गं?"

"मी. मपलं नाव नर्मदाबाई. काडतुसं मी आनली."

मांडवात आधी हसू फुटलं, मग कुजबुज. दिनकरराव ओरडले, "नमे, खाली बस! लय शानी झालीस का?"

"नमी घरी ठिवून आले मी, मालक."

शेजारच्या कोंडाबाईनं तिचं लुगडं ओढलं. ती हलली नाही. माणिकराव तुरुंग भोगून आलेले माणूस. त्यांनी शांतपणे पिशवीतून आश्रुबाची वही काढली, पानं उलटली आणि देशमुखिणीकडं वळून विचारलं, "वहिनी, राग मानू नका. चैत्रातल्या खेपेला काडतुसं भिजून आली, असं इथं लिहिलंय. कशानं भिजली?"

"पावसानं!" दिनकरराव मधेच म्हणाले.

"मी वहिनींना विचारलं."

देशमुखिणीनं मान वर केली. तिचा आवाज लहान होता, पण मांडवाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचला. "मला मालूम न्हाई. मी वालूरचा नाका बघितलाबी न्हाई कधी. त्या चैतात मी रझाकारांच्या भाकरी थापीत होते."

दिनकररावांचं तोंड पांढरंफटक पडलं. माणिकरावांनी नमीकडं पाहिलं.

"कोकरू मुतलं व्हतं, सायेब," नमी म्हणाली.

माणिकरावांनी वहीतलं मोठ्यानं वाचलं, "माल ओला. कोकरू मुतले." मग त्यांनी वही कपाळाला लावली. या वेळी हसणारं कुणी नव्हतं. मागं उभ्या रायभानच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी येत होतं आणि ते पुसायचंही त्याला भान नव्हतं.

माणिकराव शाल घेऊन मांडवात उतरले. नमीनं हात जोडले.

"शाल नगं, सायेब. आमी घोंगड्याची मानसं, आमाला थंडी वाजत न्हाई. मपलं नाव तेवढं द्या."

"देतो की," म्हणत ते लोकांकडं वळले.

"तुमी न्हाई. ज्या घरानं नेलं त्या घरानं द्यावं. मालकांनी घ्यावं मपलं नाव, समद्या गावासमोर, मोठ्यानं."

ती काय मागत होती ते उशिरा सगळ्यांच्या ध्यानात आलं. ते नाव दिनकररावांच्या बायकोचंही होतं, आणि चारचौघांत बायकोचं नाव घेणारा पुरुष त्या मुलखात जन्मायचा होता. दिनकररावांचा संसार 'अगं' आणि 'ऐकलं का' यावर चालला होता. नाव घ्यावं तर गावात छीथू, न घ्यावं तर परभणीच्या माणसासमोर इज्जत जाते. त्यांनी गुरुजींकडं पाहिलं, गुरुजी मानपत्राची घडी घालायला लागले.

"काय ही जबरदस्ती!" दिनकरराव पुटपुटले. "बाईमानसाची हिंमत तर बघा..."

तेवढ्यात देशमुखीण उठली. तिनं गळ्यातला हार काढून खुर्चीवर ठेवला, पदर सावरला आणि आयुष्यात पहिल्यांदा चारचौघांत नवऱ्याकडं सरळ पाहिलं.

"घ्या की आता," ती म्हणाली. "एकवीस वर्सं झाली. मलाबी एकदा ऐकायचं हाय."

दिनकररावांनी घसा खाकरला. "नर्मदाबाई," ते कसेबसे म्हणाले.

"मोठ्यानं!" मागून कोंडाबाई ओरडली. मघाशी लुगडं ओढणारी हीच बरं का.

"नर्मदाबाई!"

दोघींनी एकदमच ओ दिली.