ओल्या भिंतीवरच्या फळ्या

अक्काच्या खोलीची भिंत ओली आहे, हे त्याला पहिल्याच दिवशी कळलं होतं.

त्याला सगळे मिस्त्री म्हणत. ऑफिसांत, दुकानांत, नव्या फ्लॅटांत लॅमिनेटची जमीन बसवायचं काम तो बावीस वर्षं करत होता. वय बावन्न, आणि दारातून आत येताना खांदा तिरका करावा लागेल असा आडवा गडी. पण थोरली बहीण त्याला अजून बारक्याच म्हणायची. आई गेली तेव्हा तो सहा वर्षांचा होता आणि अक्का सतरा. तिनं शाळा सोडली, घर हातात घेतलं, त्याला वाढवलं, कामाला लावलं आणि मगच स्वतःच्या लग्नाचं बघितलं. घरही असं मिळालं की भावाच्या दारापासून चालत दहा मिनिटं.

त्या घरात, तिसऱ्या मजल्यावर, अक्काच्या पलंगाशेजारची भिंत खराब झाली होती. रंगाचे पोपडे निघायचे, सकाळी उशीवर पांढरा चुरा पडलेला असायचा. भिंतीच्या पलीकडे न्हाणीघर होतं.

एका मोठ्या ऑफिसचं काम संपलं तेव्हा फळ्यांचे सात खोके उरले. मालक म्हणाला, घेऊन जा, इथे अडगळ नको. मिस्त्रीनं ते अक्काकडे आणून ठेवले, फक्त ठेवण्यापुरते. अक्कानं एक खोका उघडून फळी बाहेर काढली आणि तिच्यावरून हात फिरवला. मधाच्या रंगाची, लाकडाच्या रेषा उमटलेली.

"बारक्या, हे भिंतीला लावता येतं का रे?"

"येतं की. हल्ली लावतात लोक."

"मग माझ्या पलंगाशेजारी लावशील?"

पाहुण्यांसमोर स्वतः केलेल्या पदार्थाची वाटी पुढे करताना असतो तसा तिचा चेहरा झाला होता, थोडा लाजलेला. तिनं आजवर त्याच्याकडे कधी काही मागितलेलं त्याला आठवेना.

दाजी, म्हणजे अक्काचे यजमान, आरामखुर्चीतून म्हणाले, "जमिनीचं भिंतीवर लावा. मग छताला गाद्या ठोका म्हणजे झोपायची सोय होईल."

"तुम्ही गप्प बसा," अक्का म्हणाली. पण तीही हसली.

मिस्त्रीनं भिंतीला तळहात लावला. गार होती. नुसती गार नव्हे, आतून गार. गिऱ्हाइकांना तो नेहमी सांगायचा, की लाकडानं झाकण्याआधी भिंतीला विचारून घ्यावं. विचारायचं म्हणजे काय, तर प्लास्टिकचा हातभर तुकडा चारी बाजूंनी चिकटपट्टीनं भिंतीवर बंद करायचा आणि एक दिवस थांबायचं. आतून थेंब धरले तर भिंत ओली. त्यानं तसा तुकडा लावला आणि दुसऱ्या दिवशी दुपारी बघायला आला. प्लास्टिक आतून घामेजलं होतं. बोट लावताच थेंब ओघळून चिकटपट्टीपाशी साठला.

अक्का स्वयंपाकघरात होती. दाजी पेपर वाचत होते. मिस्त्री त्यांच्यापाशी जाऊन हळूच म्हणाला, "दाजी, न्हाणीघरातली नळी कुठेतरी गळत असणार. फरशी फोडून बघावी लागेल. मग भिंत वाळायला महिना दीड महिना."

"फरशी फोडायची?" दाजींनी पेपर खाली घेतला. "अरे, एक फरशी फोडली की दहा फुटतात. तीस वर्षं टिकलंय ते न्हाणीघर. तू वरून लाव बघू. तिनं तर कालपासून शेजारणींना सांगून ठेवलंय."

इथे त्यानं ठाम नाही म्हणायला हवं होतं. परक्या घरी तो म्हणाला असता. एकदा एका डॉक्टरांच्या दिवाणखान्यातून तो सामान उचलून परत आला होता, भिंत वाळल्याशिवाय हात लावणार नाही म्हणून. पण पुढच्या सोमवारी त्याला परगावी जायचं होतं, एका हॉटेलचं तीन महिन्यांचं काम होतं. आत्ता नाही तर मग लांबणार. आणि अक्कानं पलंग आधीच स्वतःच्या हातानं बाजूला ओढून ठेवला होता.

त्यानं प्लास्टिक काढलं, चार घड्या केल्या आणि खिशात घातलं.

अक्का पदराला हात पुसत आली. "काय म्हणते भिंत?"

"ठीक आहे," तो म्हणाला. "ओल वरवरची आहे."

लोकांना सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण, असं त्याच्या मनात आलंही. पण त्यानं मनाची समजूत घातली. ओल अडवणाऱ्या रंगाचे दोन हात मारू, मागे पट्ट्या ठोकून हवेला जागा ठेवू. पुढचं पुढे.

काम दोन दिवस चाललं, आणि ते दोन दिवस फार सुखाचे गेले. त्यानं भिंतीवर आडव्या उभ्या लाकडी पट्ट्या ठोकल्या. पाणसळ लावून पहिली ओळ तळाशी बसवली. ती सरळ बसली की वरच्या सगळ्या तिच्या मागून सरळ येतात. एका फळीची जीभ दुसरीच्या खाचेत घालायची, ठोकळा धरून रबरी हातोडीनं हलकेच ठोकायचं, टक असा आवाज आला की बसली. अक्का पलंगाच्या काठावर बसून एकेक फळी हातात द्यायची. फळ्या जमिनीवर मांडून कुठलीच्या नंतर कुठली, हे तिनंच ठरवलं होतं, जास्त रेषांची कमी रेषांच्या शेजारी.

"ही नको आत्ता, हिच्या गाठीचा डोळा मोठा आहे," ती म्हणायची. "ही वर जाऊ दे, तिथं शोभेल."

"अक्का, तू माझ्या धंद्यात आलीस तर माझं दुकान बंद."

"तुझ्या धंद्यात मी आधीपासूनच आहे. पहिली करवत कोणी आणून दिली तुला?"

विजेच्या बटणाच्या जागी त्यानं इतकं नेमकं भोक कापलं की दाजीसुद्धा चष्मा लावून बघून गेले. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी खिडकीतून उन्हं आली आणि सगळी भिंत मधासारखी उजळली. अक्कानं भिंतीला पाठ टेकली, डोळे मिटले आणि बराच वेळ तशीच बसून राहिली. मिस्त्री अवजारं गोळा करत राहिला. त्याला वाटलं, सेहेचाळीस वर्षांत पहिल्यांदा आपण हिला काही दिलं.

सोमवारी तो हॉटेलच्या कामावर गेला. फोनवर अक्का भिंतीचं सांगायची. वरच्या मजल्यावरची येऊन बघून गेली, समोरच्या बाईंनी फोटो काढून मुलीला पाठवला. मधेच तिला खोकला यायचा.

"खोकला कसला गं?"

"हवा बदललीय. तुझं काम कसं चाललंय ते सांग."

तीन महिन्यांनी परत आला तेव्हा तो तडक तिच्याकडे गेला. खोलीची खिडकी सताड उघडी होती आणि खोलीभर अत्तराचा वास होता, डोकं जड करणारा. अक्काला अत्तराची आवड नव्हती. त्या वासाच्या खालून आणखी एक वास येत होता, बंद पेटीत राहिलेल्या ओल्या कपड्यांचा. मिस्त्रीला तो वास ओळखीचा होता. घरोघरी फळ्या उखडताना तो त्यानं घेतलेला होता.

"एवढं अत्तर कशाला?" त्यानं विचारलं.

"आवडायला लागलंय म्हातारपणी," अक्का म्हणाली. ती वाळलेली दिसत होती. "बैस ना. उभा का?"

तो बसला. भिंतीकडे बघितलं. वरून काहीच दिसत नव्हतं, एकही फळी फुगली नव्हती, सांधे जिथल्या तिथं. एक फळी काढून बघू का, असं तोंडापर्यंत आलं. पण काढली तर कारण सांगावं लागेल, आणि कारण सांगितलं तर त्या दुपारचं सगळं सांगावं लागेल. तो पाणी प्यायला, हॉटेलच्या मालकाच्या दोन गमती सांगितल्या आणि निघाला. पुढे कितीतरी वेळा तो म्हणायचा की भिंत बसवली त्या दिवशी माझं चुकलं ते चुकलंच, पण खरं पाप ह्या दुसऱ्या दिवसाचं.

त्यानंतर अडीच महिन्यांनी, एका दुपारी भाचीचा फोन आला. ती लग्न होऊन दूरच्या शहरात होती, आईला बघायला म्हणून आली होती. "मामा, आईला दवाखान्यात आणलंय. श्वास पुरत नाहीये तिला."

तो पोचला तेव्हा अक्काच्या नाकातोंडावर मास्क होता. तिनं त्याला बघून बोटं हलवली. बाहेर बाकावर भाची म्हणाली, "डॉक्टर दोनदोनदा विचारत होते, घरात ओल आहे का, बुरशी आहे का. म्हटलं, शक्यच नाही. मामानं स्वतः भिंत तपासून दिलीय."

तिच्या बोलण्यात खोच नव्हती. खोच असती तर बरं झालं असतं. मिस्त्री उठला आणि तिथून सरळ घरी जाऊन पहार घेऊन अक्काच्या घरी गेला. दाजींनी दार उघडलं. त्याच्या हातातली पहार बघून ते बाजूला झाले.

पलंग ओढल्यावर त्यानं तळातली फळी उचकटली. ती सुटली नाही, मऊ पडून तुटली. मागची लाकडी पट्टी बोटानं कुस्करली जात होती. दुसरी फळी, तिसरी, चौथी. भिंत अक्काच्या उशीच्या उंचीपर्यंत काळी पडली होती, मखमलीसारखी दाट काळी, आणि कडेकडेनं हिरवी. दोघांनीही नाकाला रुमाल लावला.

"तिला वास यायचा," दाजी दारातूनच म्हणाले. "पहिल्या महिन्यापासून. मी म्हटलं, बारक्याला बोलावू. तर म्हणाली, अजिबात सांगायचं नाही. त्यानं जीव ओतून केलंय, त्याला वाईट वाटेल. तू येणार असलास की आधी खिडकी उघडायची, अत्तर शिंपडायची. मीही म्हटलं, झाकली मूठ सव्वा लाखाची."

मिस्त्री पहार टेकून खाली बसला. तो म्हणाला, "मला माहीत होतं, दाजी. प्लास्टिक लावून बघितलं होतं मी. थेंब आले होते. मी तिला खोटं सांगितलं."

दाजी पलंगावर बसले. ते रागावतील असं त्याला वाटलं होतं. ते म्हणाले, "फरशी फोडू नको म्हणणारा मीच."

अक्का अकरा दिवसांनी घरी आली, बाहेरच्या खोलीत झोपू लागली. मिस्त्रीनं आत न्हाणीघराची फरशी फोडली. चारच फरश्या फोडाव्या लागल्या. नळीचा एक सांधा गळत होता; तो बदलायला अर्धा तास लागला. भिंत खरवडून, धुऊन त्यानं वाळायला सोडली. मग एका सकाळी अक्काच्या खुर्चीशेजारी बसून त्यानं तिला सगळं सांगितलं. प्लास्टिक, थेंब, खिसा.

तिनं ऐकून घेतलं. श्वास घेत, थांबत थांबत बोलली. "मला वाटायचं, माझंच काही चुकतंय. मी खोली नीट ठेवत नाही. रोज पुसायचे मी त्या फळ्या, कोरड्या फडक्यानं." ती थांबली. "तू सांगायचंस, बारक्या. मी थांबले असते. महिनाच काय, वर्षभर थांबले असते. मला कुठे घाई होती?"

"चुकलं माझं, अक्का."

"हो, चुकलं," ती म्हणाली. तिनं ते मवाळ केलं नाही. मग खिडकीबाहेर बघत राहिली. त्याला वाटलं ती डोक्यावरून हात फिरवेल, लहानपणी मार दिल्यावर फिरवायची तसा. तिनं फिरवला नाही, आणि त्यानं डोकं पुढे केलं नाही.

श्वास काही पूर्ववत झाला नाही. डॉक्टरांनी जिने चढायला मनाई केली, आणि त्या इमारतीला लिफ्ट नव्हती. दोन महिने अक्का तिसऱ्या मजल्यावर अडकून बसली. शेवटी भाचीनं ठरवलं की दोघांना तिच्याकडे न्यायचं; तिचं घर तळमजल्यावर होतं. पाच तासांचा रस्ता.

जायच्या दिवशी मिस्त्री सकाळी लवकर आला. जावयानं आणि त्यानं अक्काला खुर्चीत बसवून जिन्यानं खाली आणलं. जावई वरच्या बाजूला, तो खालच्या, उलटा उतरत, खुर्चीचे पाय छातीशी धरून. प्रत्येक वळणावर ती म्हणत होती, "सावकाश. पायरी बघ." तिचं वजन इतकं कमी झालं होतं की त्याला धाप लागायला हवी होती तिथं लागली नाही, आणि त्याचंच त्याला भय वाटलं. गाडीत ती मागच्या सीटवर बसली. त्यानं तिच्या पायांवर शाल घातली, दार लावलं. गाडी वळली तेव्हा दाजींनी हात हलवला.

आता तो रविवारी फोन करतो. अक्काला फार बोलवत नाही. दोन वाक्यांत दम लागतो. म्हणून फोन दाजींच्या हातात असतो आणि ती शेजारून सांगते ते दाजी त्याच्यापर्यंत पोचवतात.

"झोप लागते म्हणतेय. इथं अंगणात खुर्ची टाकून बसते सकाळी."

"खोकला?"

"आहे थोडा." मग फोनमध्ये काही बारीक आवाज येतो, आणि दाजी म्हणतात, "विचारतेय, जेवलास का."

"जेवलो म्हणावं," तो सांगतो, जेवलेला असो वा नसो.