बंद नदीचं गवत

पाचव्या उन्हाळ्यातही उत्तर ध्रुवाकडची देअत्नू नदी सॅल्मन मासेमारीसाठी बंदच होती, आणि पाचव्या उन्हाळ्यातही हेआइका गवत कापत होता. घरात ना गाय, ना मेंढी. पण नदीत जाळं टाकायचा हक्क गवत कापणाऱ्या घरालाच, असा तिथला जुना कायदा. कुरण पडीक टाकलं की हक्क गेला. म्हणून अठ्ठ्याहत्तर वर्षांचा हा सामी जमातीचा म्हातारा लांब दांड्याच्या विळ्यानं कुरण कापायचा, वाळवायचा आणि पलीकडच्या मेंढ्यावाल्याला फुकट देऊन टाकायचा. मुलीसाठी हक्क राखायचा होता, दुसरं काय.

मुलगी रावद्ना. नदीच्या तळाशी ठेवलेल्या कॅमेऱ्यांतून वर जाणारे मासे मोजायचे, ही तिची नोकरी. पाच वर्षांपूर्वी गावच्या सभेत तिनंच उभं राहून सांगितलं होतं, तीन वर्षं कळ सोसा, नदी पुन्हा भरेल. गाव तिच्यावर तुटून पडलं. बंदीच्या बाजूनं हात वर केला तो एकट्या हेआइकानं, तोही मुलीच्या शब्दाखातर. बंदी वरून आलीच, आणि तेव्हापासून त्यांच्याकडे कॉफीला कुणी फिरकत नाही. तीन वर्षं झाली, चार झाली. नदीनं मात्र रावद्नाचे कागद वाचले नव्हते.

यंदा जूनच्या अखेरीस पाण्यात माशांच्या उड्या ऐकू यायला लागल्या. हेआइकाच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, पण कान शाबूत. तो काठावर बसून ऐकत राहायचा. गेली काही वर्षं समुद्राकडून परके कुबडे मासे नदीत घुसत होते, हे त्याला माहीत होतं. पण त्यांना अडवायला यंदा नदीच्या मुखाशी कुंपण घातलंय, हेही त्यानं रेडिओवर ऐकलं होतं. म्हणजे वर आला तो आपला सॅल्मनच. त्यानं जाळं काढून दुरुस्त केलं. तिकडच्या रीतीनं कॉफीत सुक्या मांसाचे तुकडे टाकून दोन-दोन कप रिचवू लागला आणि दुपारीही विळा घेऊन निघू लागला. छातीत कळ यायची, तेव्हा कुरणाच्या कुंपणाला टेकून उभा राहायचा.

नदीच्या मुखाशी घातलेलं कुंपण पहिल्याच पुरात वाकलं होतं. रावद्नाच्या पडद्यावरून रोज शेकड्यांनी जात होते ते कुबडेच. त्यांच्यात एखादा सॅल्मन दिसला की तिला रडू यायचं. ती हे घरी बोलली नाही. आज सांगू, उद्या सांगू म्हणत महिना गेला. पाच वर्षांनी बाप हसत होता, आणि तिला ते हसू हवं होतं. हा तिचा स्वार्थच.

जुलै संपला. सॅल्मनची बेरीज गेल्या वर्षाहूनही कमी आली. नदी पुढेही बंद राहणार, आणि किती वर्षं, हे वरचे साहेबही सांगेनात. रावद्ना तडक कुरणात गेली आणि विळा चालू असतानाच तिनं सगळं सांगून टाकलं.

हेआइका थांबला.

"मग त्या उड्या?"

"कुबडे, बाबा."

"सगळे?"

"जवळजवळ सगळेच."

"तुला कधीपासून ठाऊक?"

तिला खोटं बोलता आलं असतं. "जूनपासून," ती म्हणाली.

त्यानं पात्याला चिकटलेलं गवत हातानं पुसलं. तो रागावला असता तर तिला बरं वाटलं असतं.

"सभेत तू चुकलीस, त्याचं काही नाही पोरी," तो म्हणाला. "तेव्हा तुझाही विश्वास होता. पण या महिन्यात तू मला वेड्यासारखं गवत कापायला लावलंस. गावानं एवढं केलं नव्हतं."

ती काहीतरी बोलायला गेली. तो थांबला नाही. "मला हक्क नको आता. तुला हवा असेल तर काप तू," एवढं म्हणून त्यानं विळा तिच्या हाती दिला आणि कुंपणाचा आधार घेत घराकडे निघाला.

अर्धं कुरण उभं होतं. रावद्नाला विळा धड धरता येत नव्हता. पातं सारखं मातीत रुतत होतं. हक्क तिलाही नको होता. तरी ती कापत राहिली, कारण घरात जाऊन त्याच्यासमोर बसायचं तिच्यानं होईना.