चिपट्यावरची शीग

मी एक जुने पितळी चिपटे आहे, पाव शेराचे माप. मित्रांनो, मला वाटी समजू नका. वाटीत खातात, माझ्यात मोजतात.

तांबटाच्या हातोडीखाली माझा आकार घडला. मग भोसरीच्या शालनबाईंच्या घरी वीस वर्षे तांदूळ, पीठ, पाणी मोजले. कौतुक कोणी केले नाही. मापाचे कौतुक होतच नसते. कमी भरले की शिव्या मात्र मापालाच.

एकोणीसशे पंचावन्न साली चिंचवडच्या इंदुताई आमच्या दारात आल्या. त्या पुस्तके लिहीत. पहिले पुस्तक काड्यापेट्यांचे छाप जमवण्यावर, दुसरे मुलांच्या मनावर आणि आता तिसरे गृहशास्त्रावर. शिवाय गावोगावची मापे गोळा करण्याचा नाद. पुण्याचे प्रकाशक मारुतराव त्यांना सुनावत, "इंदुताई, एकदा ठरवा. संग्रह, मन की चूल? लेखक कसा एका फळीवर सापडला पाहिजे." घरातली बाई दिवसाकाठी किती फळ्या सांभाळते, हे असल्या शहाण्यांना दिसत नाही.

शालनबाईंनी तांदळाच्या भाकरीसाठी उकड काढली. इंदुताईंनी शेजारी बसून लिहून घेतले: एक चिपटे पीठ, एक चिपटे पाणी. मग मला मागितले.

"न्या की," शालनबाई म्हणाल्या. "आमच्याकडं दुसरं हाय."

मारुतरावांनी अट घातली होती. अनोळखी बाईने नुसते पान वाचून भाकरी केली, तरच पुस्तक छापायचे. म्हणून पिंपरीच्या कामगार चाळीत मारुतरावांसमोरच बीडकडून आलेल्या कौशल्याबाईंच्या हाती मला दिले. त्यांनी पान वाचले, पीठ भरले, काठावरून बोट फिरवून सपाट केले. पाणीही तेवढेच घेतले. उकड पातळ झाली. भाकरी थापताना सगळी हाताला चिकटली.

"ताई, ही भाकरी न्हाई, खळ झाली," कौशल्याबाई हसल्या. "तुमच्या पुस्तकाला पुठ्ठा चिकटवा हिनं."

मारुतरावांनी टोपी उचलली. "चूल सोडा, बाई. हे पुस्तक काही निघत नाही."

इंदुताई संतापल्या, पण रडल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मला घेऊन सरळ भोसरी गाठली. शालनबाईंना पुन्हा पीठ मोजायला लावले. माझ्या काठावर पिठाचा चांगला ढीग उभा राहिला. त्यालाच शीग म्हणतात.

"हे किती झालं?"

"एक चिपटं."

"आणि हे वरचं?"

शालनबाई वाकून बघू लागल्या. त्यांना ती शीग खरेच आजवर दिसली नव्हती. "आता घरच्या माणसाला काठोकाठ मोजायचं व्हय? दुकान हाय का माझं?"

पाण्याला शीग येत नाही. पीठ वाढे, पाणी तेवढेच राही, म्हणून त्यांची उकड घट्ट येई. बोट का फिरवले, असे कौशल्याबाईंना विचारले, तर त्या म्हणाल्या, "रेशनवर बोट फिरवूनच देत्यात, ताई. तेच हाताला लागलं." म्हणजे दुकानदाराचा हात त्या बाईच्या घरात शिरला होता.

इंदुताईंनी मोजणाऱ्या हाताच्या मनावर एक अख्खे पान लिहिले आणि कृतीत 'शिगेचे चिपटे' असा शब्द घातला. मारुतराव पान वाचून कुरकुरले, "गृहशास्त्रात मन कशाला? काढा हे."

"काढते. मग भाकरी तुम्ही थापून दाखवा."

मारुतराव पुन्हा चाळीत आले. कौशल्याबाईंनी नवे पान वाचले, मला शिगेने भरले. भाकरी तव्यावर टम्म फुगली. मारुतरावांनी दोन खाल्ल्या आणि तिसरी ताटात घेता घेता म्हणाले, "पान राहू द्या."

पुढे किलो आले, लिटर आले. इंदुताईंच्या संग्रहातली मापे आता लोक बघायला येतात, उलटी करून बुडाखालचा शिक्का वाचतात आणि निघून जातात. मित्रांनो, जुनी वस्तू जरूर जपा. पण ती घरी न्यायच्या आधी जिच्या हातात ती झिजली, त्या बाईपुढे तासभर बसा आणि तिला ती वापरून दाखवायला सांगा. तेवढाही वेळ नसेल, तर वस्तू तिच्याकडेच राहू द्या.