वाकडं अंगण

किल्ली जुडग्यातून निघत नव्हती. मुलाने कडीत दोनदा नख घालून पाहिलं, नख दुखावलं, तेव्हा वैतागून त्याने अख्खा जुडगाच गॅरेजवाल्या कानसेनच्या बाकावर ठेवला. घराची किल्ली, ऑफिसच्या कपाटाची, सायकलच्या कुलपाची, आणि त्यांच्यात महिन्यापूर्वी कोंबलेली आईच्या गाडीची.

"संध्याकाळी घेतो," तो म्हणाला. "तेल बदला, ब्रेक बघा, धुऊन ठेवा. शुक्रवारी माणूस येतोय गाडी न्यायला."

"विकताय?"

"चालवणार कोण आता? मला ऑफिस. आणि आईचं तर काका, तुम्हीच सांगितलंत."

काय सांगितलं होतं ते कानसेनला चांगलं आठवत होतं. तो गाडी कानाने तपासायचा. तानसेन नसलो तरी कानसेन आहे, असं गिऱ्हाइकांना सांगता सांगता त्याचं खरं नाव लोक विसरले होते, आणि त्याचं त्याला काही वाईट वाटत नव्हतं. दोन महिन्यांपूर्वी या मुलाची आई, म्हणजे टेलरकाकू, एकटीच गाडी घेऊन आली होती. चालता चालता गाडी मध्येच धक्का खाते म्हणाली. त्याने बॉनेटला कान लावला, तीन फेऱ्या मारल्या, गाडी लोण्यासारखी चालली. तेव्हा गॅरेजमध्ये आणखी दोघं बसलेली होती. माणसं बसलेली असली की कानसेनची जीभ जरा जास्तच चालते. "काकू, गाडीला काही झालेलं नाही," तो म्हणाला होता. "नाचता येईना, अंगण वाकडं." दोघं हसली. काकूही हसली होती.

ते वाक्य काकूनेच घरी जाऊन सांगितलं असणार, गंमत म्हणून. मग गेल्या महिन्यात भर रस्त्यात गाडीने असा धक्का खाल्ला की मागच्या ट्रकने कसाबसा ब्रेक मारला आणि मागच्या सीटवरच्या नवऱ्याचं कपाळ पुढच्या सीटवर आपटलं. मुलाला ते वाक्य आठवलं. त्याच दिवशी किल्ली त्याच्या जुडग्यात गेली.

मुलगा बससाठी निघून गेला. त्याच्याबरोबर आलेली काकू थांबली. तिला गाडीतलं सामान काढायचं होतं.

तिने मागचं दार उघडलं आणि एकेक वस्तू बाकावर मांडायला लागली. उशी, पातळ चादर, दोन टॉवेल, रिकाम्या पिशव्यांचा गठ्ठा, पाण्याची बाटली. आठवड्यातून तीन दिवस ती नवऱ्याला डायलिसिसला नेत असे. किल्ली गेल्यापासून रुग्णालयाची गाडी यायची. ती पहाटे यायची, चार रुग्णांना चार घरांतून गोळा करत दोन तास फिरायची, आणि येताना तसंच. काल नवरा उतरला तो थेट अंगणातल्या पायरीवरच बसला आणि म्हणाला, "मला नाही जायचं परत." तिने ते मुलाला सांगितलं नव्हतं. कानसेनलाही सांगायचं नव्हतं, पण टॉवेलाची घडी घालता घालता सांगून टाकलं.

कानसेन ब्रेकचं चाक खोलत होता. त्याने नुसतं "हं" केलं.

"भाऊ, एक विचारू?"

"विचारा."

"पाय कापत असेल तर तो कुठेही कापेल ना? चढावर, वळणावर, सिग्नलला?"

"कापेल."

"मग मला धक्का नेहमी सपाट रस्त्यावरच का बसतो? शाळेची भिंत सुरू झाली की बसतो. वळण संपतं, गाडी चाळिसावर येते, पाय स्थिर होतो आणि बसतो. चाळिसाच्या वर गेलं की यांना मळमळतं, तिसावर आलं की मागचे हॉर्न मारतात. म्हणून चाळीस. मुलगा म्हणतो, वय झालं. वय काय शाळेच्या भिंतीपाशीच होतं का?"

कानसेनच्या हातातला पाना थांबला. खरं तर त्याला राग आला होता. आपल्या कानावर कुणी शंका घेतली की तो असाच गप्प व्हायचा. पण प्रश्न बरोबर होता, आणि बरोबर प्रश्न ऐकून न ऐकल्यासारखं करणं त्याला तीस वर्षांत जमलेलं नव्हतं. त्याने चाक परत बसवलं.

"चला. दाखवा चालवून."

काकूने सीट पुढे ओढली. मुलाने ती पार मागे ढकलून ठेवली होती.

तो शेजारी बसून तिचा पाय बघत राहिला. कापडी बूट, टाच जमिनीला टेकलेली, पुढचा चवडा पेडलवर. वळण संपलं, काटा चाळिसावर आला आणि पाय थांबला. थांबला म्हणजे थांबलाच. शाळेची भिंत सुरू झाली आणि गाडीने गचका खाल्ला. इंजिनने बोलता बोलता आवंढा गिळावा तसा आवाज झाला. कानसेनच्या कानांनी तो आवाज ऐकला, आणि डोळ्यांनी पाहिलं की कापडी बूट केसभरही हललेला नाही.

"पाय कसा ठेवता असा?" त्याने विचारलं.

"तीस वर्षं मोटरच्या शिलाई मशीनवर बसले, भाऊ. पाय हलला की टाका लांब पडतो. टाका लांब पडला की गिऱ्हाईक उसवायला लावतं."



गॅरेजमध्ये आल्यावर त्याने सगळ्यात खालचा खण ओढला आणि चिंध्यांखालून व्होल्ट मोजायचा काट्याचा जुना मीटर काढला. तो त्याच्या उस्तादाचा. मीटर बहिऱ्यांना लागतो, असं कानसेन चारचौघांत म्हणत आलेला होता, त्यामुळे आता तो काढताना त्याने काकूकडे बघितलं नाही. इंजिनच्या एका बाजूला काड्यापेटीएवढी एक काळी डबी असते, थ्रॉटल पोझिशन सेन्सर. तिचं काम एवढंच, की चालवणाऱ्याने पेडल किती दाबलंय ते गाडीच्या कॉम्प्युटरला सांगायचं. ती खोटं बोलली की कॉम्प्युटर तिच्यावर विश्वास ठेवतो आणि तसंच पेट्रोल सोडतो.

इंजिन बंद ठेवून त्याने किल्ली फिरवली, डबीच्या मधल्या तारेत मागून टाचणी खुपसली, मीटर जोडला आणि इंजिनवरचा थ्रॉटल, एरवी पेडलने फिरतो तो, हाताने फिरवला. काटा अर्ध्या व्होल्टवरून निघाला आणि साडेचारवर गेला. सुरळीत.

"बघा," तो म्हणाला. त्याच्या आवाजात जरा जुना तोरा आला. "कुठे आहे खोट?"

"किती घाईनं फिरवताय," काकू म्हणाली. "मी बसून दाबू का?"

ती बसली. काटा हलला की नाही कळू नये इतका हळू वर चढायला लागला. एक व्होल्ट. थोडा वर. आणि मग तो एकदम आडवा पडला.

"थांबा. पाय उचललात?"

"नाही."

"तसाच ठेवा."

त्याने वाकून गाडीत पाहिलं. पाय होता तिथेच होता. परत येऊन मीटर पाहिला, काटा शून्याला चिकटलेला. तिने पेडल किंचित पुढे नेल्यावर तो उठला आणि काही झालंच नाही अशा थाटात वर गेला. सगळ्या वाटेत तेवढीच एक जागा मेलेली होती. कानसेनचा पाय जड होता, त्या जागेवरून तो दर वेळी उडी मारून जायचा. मुलाचाही तसाच. त्या जागेवर थांबणारं माणूस सगळ्या घरात एकच होतं.

कानसेनला लाज वाटली. लाज वाटली की माणसाने काहीतरी काम काढावं, म्हणून तो स्वतःच सुट्या भागांच्या दुकानाकडे चालत गेला. दुकानदार फळीवर शोधत असताना त्याच्या डोक्यात ती दोन हसणारी गिऱ्हाइकं होती. त्यांची नावंही त्याला आठवेनात.

काकू दुपारी घरी जाऊन नवऱ्याला जेवायला घालून परत आली तेव्हा तो नवा सेन्सर बसवत होता. बॅटरीची तार सुटी केलेली, दोन बारके स्क्रू टोपीत ठेवलेले. नवी डबी थ्रॉटलच्या दांड्यावर नीट बसली, तरी त्याने स्क्रू लगेच आवळले नाहीत. तार पुन्हा जोडली, मीटर लावला, आणि पेडल मोकळं असताना काटा बरोबर अर्ध्या व्होल्टवर येईपर्यंत डबी बोटाने तसूतसूने फिरवली. मग आवळलं. मग काकूला म्हणाला, "दाबा." काटा चढला, कुठेही न अडखळता. "परत." परत तसाच.

शाळेच्या भिंतीपाशी या वेळी काहीच झालं नाही. काकूने काही न बोलता गाडी वळवून पुन्हा एक फेरी मारली, आणि मग आणखी एक. तिसऱ्या फेरीनंतर तिने गाडी कडेला घेतली, ब्रेक ओढला आणि दोन्ही हात मांडीवर ठेवले.

"दोन महिने," ती म्हणाली. "दोन महिने मी जेवताना, झोपताना स्वतःच्या पायाकडे बघतेय. मी ह्यांना मारलं असतं असं वाटायचं. आणि तुम्ही हसलात."

"हो," कानसेन म्हणाला.

"मीपण हसले. त्याचा जास्त राग येतो."

  काकूने नाक पुसलं, गाडी सुरू केली आणि चाळिसाने गॅरेजवर आणली.

साडेपाचला मुलगा आला तेव्हा सगळं सामान अजून बाकावर तसंच होतं, उशीवर चादर, चादरीवर टॉवेल. त्याच्याशेजारी कानसेनने जुनी डबी ठेवली होती. तिचं झाकण त्याने चाकूने उचकटून काढलं होतं.

"झाली धुऊन?"

"धुतली नाही. बसा जरा."

मुलगा बसला नाही. कानसेनने डबी उजेडात धरली. आत नखाच्या आकाराचा एक वाकडा काळा पट्टा होता.

"पेडल दाबलं की एक काटा या पट्ट्यावरून सरकतो. हे इथे बघा."

मुलगा वाकला. काळ्या पट्ट्यावर सुरुवातीपासून थोड्या अंतरावर तिळाएवढी जागा झिजून पार पांढरी पडली होती. बाकी पट्टा जवळजवळ नवा होता.

"काटा इथे आला की गाडीला वाटतं, पाय काढला. म्हणून धक्का."

"म्हणजे पार्टच खराब होता?"

"होता. पण मी तुम्हाला झीज दाखवतोय. पाय कापणाऱ्या माणसाचा पट्टा सगळीकडे ओरखडतो. हा एकाच जागी झिजलाय. चाळिसाची जागा आहे ती. गाडी घेतल्यापासून नऊ वर्षं तुमच्या आईचा पाय तिथून हललेला नाही." त्याने डबी बाकावर ठेवली. पुढचं वाक्य तो दुकानातून येताना जुळवत आला होता. "त्या दिवशी मी जे बोललो ते चूक होतं. अंगणच वाकडं होतं. मला ऐकू आलं नाही."

मुलाने डबी उचलली. तिळाएवढ्या पांढऱ्या जागेवरून त्याने अंगठा फिरवला आणि आईकडे पाहिलं. आई टॉवेलाची आधीच घातलेली घडी मोडून पुन्हा घालत होती.

"शुक्रवारच्या माणसाला कळवतो मी," तो म्हणाला.

 त्याने बाकावरचा जुडगा उचलला आणि कडी उघडायला लागला. नख सकाळीच दुखावलेलं होतं, कडी हटेना. कानसेनने चपटा स्क्रूड्रायव्हर पुढे केला. कडी थोडी फाकली, किल्ली अडकत अडकत एक वेढा फिरली, दुसरा फिरली आणि सुटली. मुलाने ती आईच्या तळहातावर ठेवली आणि तिची बोटं स्वतःच्या हाताने मिटवली.

काकूने उशी मागच्या सीटवर जिथे असायची तिथे ठेवली. चादर, टॉवेल, पिशव्या, बाटली. मग पुढे बसून आरसा नीट केला. मुलगा खिडकीपाशी उभाच होता.

"उद्या सातला निघायचंय ना बाबांना घेऊन?" त्याने विचारलं. "मी रजा काढली होती उद्याची. गाडी जायच्या आधी एकदा मीच नेणार होतो."

"रजा मंजूर झाली?"

"झाली."

"मग झोप," ती म्हणाली आणि किल्ली फिरवली.